महाकालीचे देऊळ कोणी बांधले?

मी इतिहासाचा पदवीधर नाही. जुने गॅझेटियर, जमाबंदीचे अहवाल आणि पायपीट, एवढीच माझी शिदोरी. चंद्रपूरच्या महाकालीचा माग मी असाच काढत आलो.

चैत्रात झरपट नदीकाठी यात्रा भरते. नांदेड-परभणीकडून, पलीकडे तेलंगणातूनही माणसे नवस फेडायला येतात. झरपटीत अंघोळ करून ओल्या अंगाने दर्शनाला निघालेल्या एका मावशींना मी विचारले, "देऊळ कुणी बांधलं?" त्या म्हणाल्या, "राजानं. आन् कोन बांधनार, बाबा?"

हा राजा म्हणजे खांडक्या बल्लाळशहा. त्याच्या अंगावरचे फोड झरपटीच्या पाण्याने गेले आणि त्याने बल्लारपूर सोडून इथे राजधानी वसवली, ही कथा घरोघरी माहीत आहे. देवीचे मूळ ठाणेही परंपरा त्याच्याच नावावर घालते.

पण आजची वास्तू त्याची नाही. ती राणी हिराईची, साधारण १८ व्या शतकाच्या आरंभीची. हिराई ही गोंड राजा बीरशहाची राणी. देवगडच्या दुर्गशहाने बीरशहाच्या मुलीचा अपमान केला, तेव्हा बापाने त्याचे शिर महाकालीला वाहण्याचा नवस केला आणि लढाई जिंकून तो फेडला, असे सांगतात. देवळावरचे दगडी मस्तक त्याचीच खूण मानतात. पुढे बीरशहाचा खून झाला. पोटी मुलगा नव्हता. हिराईने चंदनखेड्याच्या घराण्यातला रामशहा दत्तक घेतला आणि त्याच्या नावाने राज्य सांभाळले. पतीची समाधी तिने अंचलेश्वराजवळ उभारली. अंचलेश्वराचे देऊळही तिनेच नव्याने बांधले.

१७५१ साली चांदा नागपूरकर भोसल्यांकडे गेला आणि गोंडांचे राज्य संपले. वंशावळीत राजांची नावे ओळीने लागली. राणी मात्र कुणाची पत्नी, कुणाची दत्तक आई, एवढीच उरली. कथेतही पराक्रम नवऱ्याचा, रोगमुक्ती पूर्वजाची. दगड तेवढे हिच्या वाट्याला आले.

निघताना मावशींना हे सांगितले. त्या क्षणभर थांबल्या. "म्हंजी बाईनंच बाईला घर बांधलं म्हना की!" असे म्हणून त्यांनी कळसाकडे पाहून पुन्हा हात जोडले.

इतक्या वर्षांच्या वाचनात मला हे एवढे नेमके कुठे सापडले नव्हते.