चढाईपटूचा गुडघा: मैदानावरचे गैरसमज आणि वस्तुस्थिती

दिवाळी सरली की वऱ्हाडात कबड्डीचे सामने सुरू होतात. अमरावती, दर्यापूर, अंजनगाव, मूर्तिजापूर, अकोट, अकोला सगळीकडे फलक लागतात, मैदानं आखली जातात आणि रात्री उशिरापर्यंत दिव्यांच्या उजेडात चढाया रंगतात. या मुलखाचं या खेळाशी नातं जुनं आहे. अमरावतीचं श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ साली सुरू झालं. १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी याच मंडळाच्या पथकानं तिथं भारतीय खेळांची प्रात्यक्षिकं दाखवली, त्यांत कबड्डीही होती. एवढी परंपरा असूनही चढाईपटूच्या गुडघ्याबद्दल मैदानाच्या कडेला जे बोललं जातं, त्यातलं बरंचसं चुकीचं आहे. त्याची किंमत अठरा-वीस वर्षांची पोरं चुकवतात. दुखापत झाल्यामुळं जेवढे चढाईपटू खेळाबाहेर जातात, त्याहून जास्त त्यानंतरच्या घाईमुळं जातात, असं माझं ठाम मत आहे. पुढचं सगळं त्याच मताच्या पाठपुराव्यासाठी लिहितो आहे.

"कोणी धरलंच नव्हतं, मग गुडघ्याला काय होणार?"

हा सर्वांत पक्का रुजलेला गैरसमज. कोपरारक्षकानं पट काढला, साखळीनं दाबलं, तीन जण अंगावर पडले तरच गुडघा तुटतो, असं लोकांना वाटतं. गुडघ्याच्या आत एसीएल नावाचा एक बंध असतो. नडगीचं हाड मांडीच्या हाडाखालून पुढं सरकू नये आणि गुडघा पिळला जाऊ नये, हे त्याचं काम. निरनिराळ्या खेळांतला अभ्यास सांगतो की या बंधाच्या बहुतेक दुखापती थेट धक्क्याशिवाय होतात. पाय जमिनीत रोवलेला असतो, गुडघा किंचित वाकलेला असतो, अंग एकदम दुसऱ्या दिशेला वळतं आणि गुडघा आतल्या बाजूला कोसळतो.

आता चढाई डोळ्यांसमोर आणा. तीस सेकंद. बोनस रेषेकडं झेप, हुलकावणी, मागं वळून मध्यरेषेकडं उसळी. प्रत्येक चढाईत हा रोवलेला पाय आणि हे वळणं असतंच. त्यामुळं चढाईपटू कोणाच्याही हाती न लागता, नुसता वळताना खाली बसला, तर ते नाटक समजू नये. उलट तेव्हाच जास्त सावध व्हावं. खेळाडूला आतून 'टक्' असा आवाज आल्याचं जाणवलं असेल, तर त्या दिवशी त्यानं पुन्हा मैदानात पाऊल टाकू नये.

जमिनीचाही यात वाटा आहे. आपल्याकडची काळी माती उन्हाळ्याकडं टणक होते, तिच्यावर पडलं की खरचटतं, मुका मार लागतो. मॅटवर खरचटणं कमी, पण बुटाची पकड घट्ट. मातीवर जो पाय थोडा घसरून सुटला असता तो मॅटवर रोवलेला राहतो आणि सगळा पीळ गुडघ्यावर येतो. म्हणून आयुष्यभर मातीवर खेळलेल्या पोराला निवड चाचणीच्या आदल्या दिवशी पहिल्यांदा मॅटवर उतरवणं चूक आहे. मॅटची सवय काही आठवडे आधी लागायला हवी.

"लचक भरली असन, चोळून घे, दोन दिसात बरं होते"

हे वाक्य मायेनं बोललं जातं, म्हणूनच ते जास्त घातक ठरतं. बंध तुटला की गुडघ्याच्या आत रक्त साचतं आणि काही तासांतच गुडघा टम्म फुगतो. वळताना झालेली दुखापत, आतून आलेला आवाज आणि त्याच दिवशी आलेली मोठी सूज हे तीन एकत्र आले, तर बंध तुटल्याची शंका आधी घ्यायची, लचकेची नंतर. अशा गुडघ्याला चोळलं, गरम शेक दिला, हाडवैद्याकडून ओढून 'बसवून' घेतलं, तर रक्तस्राव आणि सूज वाढते. पहिले दोन-तीन दिवस कापडात गुंडाळलेला बर्फ थोडा थोडा वेळ, क्रेप बँडेज, पाय उंच ठेवणं आणि त्या पायावर भार न देणं, एवढंच करायचं.

खरी फसगत पुढं होते. दोन-तीन आठवड्यांत सूज उतरते. पोरगा सरळ चालू लागतो, सायकल चालवतो, बहुतेकदा सरळ धावतोही. घरचे म्हणतात बरा झाला. पण एसीएलचं काम सरळ चालताना फारसं लागतच नाही, ते लागतं वळताना. म्हणून तो पुन्हा चढाईला जातो, वळतो आणि गुडघा दगा देतो. असा प्रत्येक दगा हाडांमधल्या गादीला, म्हणजे मेनिस्कसला, फाडू शकतो. पहिल्या दिवशी एकच बंध तुटलेला असतो. चार महिने 'चालवून घेतलेल्या' गुडघ्यात बंधाबरोबर गादी आणि कूर्चाही गेलेली असू शकते. बंध नव्यानं घालता येतो, झिजलेली कूर्चा पूर्ववत होत नाही.

यात एक्स-रेचा गैरसमज भर घालतो. "फोटोत काही नाही निघालं" हे ऐकून सगळे निर्धास्त होतात. एक्स-रेत हाडं दिसतात, बंध आणि गाद्या दिसत नाहीत. त्यासाठी अस्थिरोगतज्ज्ञानं हातानं केलेली तपासणी आणि गरज पडली तर एमआरआय लागतो. अनुभवी हाताला नडगीचं हाड पुढं ओढून पाहिलं तरी बंधाचा अंदाज येतो. अकोल्यात २००२ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, अमरावतीतही मोठी रुग्णालयं आहेत. चांगल्या तपासणीसाठी नागपूर-मुंबईच गाठावी लागते, असं समजून थांबून राहू नये.

"ऑपरेशन झालं म्हणजे खेळ संपला"

नाही संपत. चढाईपटू पवन सेहरावतला २०२२ साली प्रो कबड्डी लीगच्या लिलावात तमिळ थलायव्हाज संघानं २ कोटी २६ लाखांना घेतलं होतं आणि हंगामाच्या पहिल्याच सामन्यात त्याचा गुडघा गेला. अख्खा हंगाम तो बाहेर बसला. पुढच्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये हांगझोच्या आशियाई स्पर्धेत त्याच्या नेतृत्वाखाली भारतानं सुवर्णपदक जिंकलं आणि लगोलग झालेल्या लिलावात त्याला २ कोटी ६० लाखांहून जास्त बोली लागली. त्याच लीगमध्ये दिल्लीकडून खेळणाऱ्या नवीन कुमारचा एसीएल २०२३ च्या डिसेंबरात तुटला, तोही परतला. आपल्या अहिल्यानगर जिल्ह्याचा अस्लम इनामदार पुणेरी पलटणला विजेतेपद मिळवून देणारा कर्णधार. त्याच्या पुढच्या हंगामात गुडघ्यानं त्याला बाहेर बसवलं आणि त्यानंतरच्या हंगामात तो पुन्हा संघाचं नेतृत्व करत होता.

शस्त्रक्रिया प्रत्येकाला लागतेच असंही नाही. स्वीडनमध्ये १२१ तरुणांवर झालेल्या आणि २०१० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात काहींवर लगेच शस्त्रक्रिया केली गेली, तर बाकीच्यांना आधी फक्त व्यायामोपचार दिले गेले. त्या दुसऱ्या गटातल्या सुमारे निम्म्यांना पाच वर्षांनंतरही शस्त्रक्रियेची गरज पडली नव्हती. मात्र त्या अभ्यासात व्यावसायिक खेळाडू नव्हते. ज्याला शेती, नोकरी, घरकाम करायचं आहे त्याच्यासाठी हा मार्ग आहे. ज्याला पुन्हा चढाई करायची आहे आणि ज्याचा गुडघा वळताना सटकतो, त्याला बहुधा नवा बंध घालावाच लागतो.

"सहा महिने झाले, आता उतरव मैदानात"

इथं सर्वांत जास्त थांबायला हवं, कारण सर्वांत जास्त गुडघे इथं दुसऱ्यांदा तुटतात.

शस्त्रक्रियेत तुटलेला बंध शिवत नाहीत. बहुतेकदा मांडीच्या मागच्या किंवा वाटीखालच्या स्नायुबंधाची पट्टी काढून ती जुन्या बंधाच्या जागी बसवतात. ती पट्टी सुरुवातीला निर्जीव असते. तिच्यात हळूहळू रक्तवाहिन्या शिरतात, ती आधी मऊ पडते आणि मग घट्ट होते. वरुड-मोर्शीच्या बागाईतदाराला हे वेगळं सांगायला नको: जंभेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा बांधला आणि तो फुटला, म्हणून त्या वर्षी कोणी त्या फांदीकडून फळाची अपेक्षा करत नाही. सहाव्या-सातव्या आठवड्यापासून पुढचे काही आठवडे ही पट्टी सर्वांत कमकुवत असते, आणि दुखणं नेमकं तेव्हाच थांबलेलं असतं. पोराला वाटतं, जमलं.

२०१६ साली नॉर्वे आणि अमेरिकेतल्या संशोधकांनी एकत्र केलेल्या अभ्यासात दिसलं की शस्त्रक्रियेनंतर नऊ महिन्यांपर्यंत मैदानावरची वापसी जितकी लांबवली, तितका पुन्हा दुखापतीचा धोका प्रत्येक महिन्यागणिक जवळजवळ निम्म्यानं घटला. त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका मोठ्या आढाव्यानुसार पंचविशीच्या आतले जे खेळाडू खेळात परततात, त्यांच्यापैकी जवळजवळ चौथ्या हिश्श्याला त्याच किंवा दुसऱ्या पायाचा एसीएल पुन्हा गमवावा लागतो. २०१४ च्या आढाव्यात शस्त्रक्रियेनंतर कुठल्या ना कुठल्या खेळात ८१ टक्के लोक परतले होते, पण स्पर्धेच्या पातळीवर ५५ टक्केच.

पवन आणि नवीनची उदाहरणं देताना हे आकडे मी मुद्दाम पुढं ठेवतो. जे परतले त्यांचीच नावं आपल्याला ठाऊक असतात. अमेरिकन फुटबॉलमध्ये रनिंग बॅक नावाची एक जागा असते. चेंडू हातात घेऊन समोरच्या धिप्पाड रक्षकांमधून पळत सुटणारा खेळाडू, आपल्या चढाईपटूचा जवळचा भाऊबंद. तिथला एड्रियन पीटरसन सगळ्यांच्या तोंडी असतो: २०११ च्या २४ डिसेंबरला त्याचा गुडघा फाटला आणि पुढच्याच हंगामात तो २,०९७ यार्ड धावला, विक्रमाला अवघे ८ यार्ड कमी. पण त्याच जागेवर खेळणारा टेरेल डेव्हिस १९९८ मध्ये २,००८ यार्ड धावला, पुढच्या वर्षी त्याचा गुडघा गेला आणि तो पूर्वीसारखा कधीच खेळला नाही. टॉड गर्ली कॉलेजात असताना एसीएल तुटूनही २०१७ चा सर्वोत्तम आक्रमक खेळाडू ठरला, आणि गुडघ्याच्या तक्रारींनी विशी सरायच्या आतच त्याची कारकीर्द आटोपली. या तिघांच्याही मागं तज्ज्ञ डॉक्टर, रोजचे व्यायामोपचार आणि पगार होता. तरी तीन जणांचं तीन तऱ्हेनं झालं. मूर्तिजापूरच्या पोरानं फक्त पीटरसनची चित्रफीत पाहून आपलं वेळापत्रक ठरवू नये.

मैदानात उतरायचं की नाही, हे कॅलेंडर एकटं ठरवत नाही. दुखऱ्या पायावर एका पायानं मारलेली लांब उडी चांगल्या पायाच्या किमान नव्वद टक्के हवी. मांडीच्या पुढच्या स्नायूची ताकदही तेवढी हवी. सूज नको. आणि वळताना मनात भीती नको. हे सगळं असेल आणि नऊ महिने उलटलेले असतील, तर आधी सराव, मग सामना.

"अमका महिन्यात परतला, मग हा का नाही?"

कारण दुखापत वेगळी. याचं उदाहरण अकोल्याच्या फार जवळचं आहे. २०१८ च्या जानेवारीत एकोणीस वर्षांखालील क्रिकेट विश्वचषकात पहिल्याच सामन्यात ईशान पोरेलचा पाय दुखावला आणि पर्यायी गोलंदाज म्हणून अकोल्याच्या आदित्य ठाकरेला न्यूझीलंडला बोलावलं. तो नुकताच रणजीच्या अंतिम सामन्यात विदर्भाकडून पदार्पण करून आला होता. पोरेल त्याच स्पर्धेत बरा झाला आणि पाकिस्तानविरुद्धच्या उपांत्य सामन्यात त्यानं १७ धावांत ४ बळी घेतले. त्याचा बंध तुटला नव्हता, म्हणून दिवसांत भागलं. याउलट चंदगडच्या सिद्धार्थ देसाईचा गुडघा नाही, खांदा गेला होता. १ कोटी ४५ लाखांची बोली लागलेला हा चढाईपटू प्रो कबड्डीच्या आठव्या हंगामात थोडेच सामने खेळून बाहेर पडला. खांद्याचं वेळापत्रक वेगळं, गुडघ्याचं वेगळं, घोट्याचं वेगळं.

दुखणं दाबणारं इंजेक्शन घेऊन अंतिम सामना खेळणं ही तर शूरपणाची गोष्ट मुळीच नाही. इंजेक्शन बंध जोडत नाही, 'थांब' म्हणणारी जाणीव तेवढी बंद करतं.

"प्रो कबड्डी कुठं खेळायची आहे याला?"

हा गैरसमज सर्वांत दुःखद आहे. आपल्याकडच्या बहुतेक चढाईपटूंचं ध्येय कोटीच्या बोलीचं नसतंच. त्यांना राज्य शासनाच्या नोकरीतलं पाच टक्के क्रीडा आरक्षण दिसत असतं, पोलीस भरती दिसत असते, रेल्वे किंवा बँकेचा संघ दिसत असतो. पोलीस भरतीत मुलांना १,६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावं लागतं. गावच्या सामन्यात रोख बक्षिसासाठी अर्धवट बऱ्या गुडघ्यानं उतरलेला पोरगा बक्षीस हरतो तेव्हा फारसं बिघडत नाही, पण तो भरतीचं वर्ष गमावतो आणि वयाची मर्यादा त्याच्यासाठी थांबत नाही. आणखी पुढचं सांगायचं तर एसीएल तुटलेल्या गुडघ्यांपैकी सुमारे निम्म्यांत दहा ते वीस वर्षांत संधिवाताच्या खुणा दिसू लागतात. वयाच्या चाळिशीत त्याला शेतातल्या सऱ्यांतून चालायचं आहे, याच गुडघ्यावर.

"मुलींचे गुडघे नाजूक, खेळूच नये"

सारख्याच खेळात मुलींमध्ये एसीएल तुटण्याचं प्रमाण मुलांच्या दुपटीहून जास्त आढळतं, हे खरं. पण त्यावरचा उपाय घरी बसवणं हा नाही. उडीनंतर जमिनीवर कसं उतरायचं, वळताना गुडघा पायाच्या बोटांच्या रेषेत कसा ठेवायचा, एका पायावर तोल कसा सांभाळायचा आणि मांडीच्या मागच्या स्नायूंना बळ कसं द्यायचं, हे सरावाच्या आधीच्या पंधरा-वीस मिनिटांत शिकवलं, तर या दुखापती जवळपास निम्म्यानं घटतात. मुलींमध्ये तर धक्क्याशिवाय होणाऱ्या दुखापती याहूनही जास्त प्रमाणात कमी झालेल्या आढळल्या आहेत. त्यासाठी यंत्रं लागत नाहीत, जिम लागत नाही. आठवड्यातून दोन-तीनदा, हंगाम सुरू व्हायच्या दीड-दोन महिने आधीपासून आणि हंगामभर हे करून घेणारा प्रशिक्षक मात्र लागतो. दर्यापूर-अकोटच्या प्रत्येक संघानं या वर्षी दसऱ्याच्या आतच ते सुरू करायला हवं.