चौदा वर्षे चालू राहिलेला कॅमेरा

११ जुलै १९९७. मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगर या दलित वस्तीत सकाळी बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला. वस्ती संतापून रस्त्यावर आली. राज्य राखीव पोलीस दलाच्या तुकडीने गोळीबार केला आणि दहा माणसे गेली. पुढे काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवले. जाताना त्यांनी डोक्याला आंबेडकरी चळवळीच्या रंगाचे, निळे कापड बांधले होते.

माहितीपटकार आनंद पटवर्धन घोगऱ्यांना आधीपासून ओळखत. मुंबईच्या झोपडपट्ट्या उठवण्यावरचा त्यांचा ‘हमारा शहर’ १९८५चा; त्यात घोगरे गायले होते. हा शाहीर असा का गेला, हे शोधायला पटवर्धन कॅमेरा घेऊन निघाले आणि त्यातून ‘जय भीम कॉम्रेड’ उभा राहिला. त्याला चौदा वर्षे लागली.

एवढा वेळ कशासाठी? माझ्या मते या चित्रपटाचे सगळे बळ त्या वेळात आहे. बातमीचा कॅमेरा प्रेते उचलली की निघून जातो. त्यानंतर घरात काय उरते, खटला किती रेंगाळतो, पुढारी कुठल्या पक्षात जातात, हे टिपायला कुणीतरी तिथे परत परत जावे लागते. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता, म्हणून गोळ्या झाडल्या, असा पोलिसांचा दावा होता. चित्रपट तो तसाच मान्य करत नाही. टँकर नेमके कुठे होते आणि माणसे कुठे पडली, हे तो ताडून पाहतो. चौकशीसाठी नेमलेल्या न्या. गुंडेवार आयोगानेही गोळीबार अनावश्यक ठरवला. तुकडीच्या अधिकाऱ्याला जन्मठेप झाली ती २००९मध्ये, म्हणजे बारा वर्षांनी; पुढे त्याला जामीनही मिळाला.

तरीही सुमारे तीन तासांचा हा चित्रपट कोर्टाच्या कागदांत अडकत नाही, कारण त्यात गाणे आहे. भीमजयंतीच्या रात्री, चाळींच्या अंगणात, ढोलकीवर बाया-पोरे गातात. शाळेची पायरी न चढलेल्या माणसालाही जातीचा इतिहास तोंडपाठ असतो, तो या गाण्यांमुळेच. दलितांना केवळ पीडित म्हणून दाखवणाऱ्या माहितीपटांची आपल्याकडे वाण नाही; इथे मात्र ती माणसे युक्तिवाद करतात, भांडतात, हसतात. डाव्या चळवळीत आयुष्य वेचूनही घोगऱ्यांना शेवटी एकटे का वाटले, हा बोचरा प्रश्नही पटवर्धन टाळत नाहीत, आणि ते स्वतः त्याच विचारांच्या जवळचे आहेत.

पुण्याच्या कबीर कला मंच या सांस्कृतिक गटातल्या शीतल साठे यात ताकदीने गातात. चित्रपट लोकांसमोर आला तेव्हा मंचाच्या काही कलावंतांवर नक्षलवादाचे आरोप होते आणि शीतल भूमिगत होत्या. एप्रिल २०१३मध्ये त्या आणि मंचाचेच सचिन माळी विधान भवनासमोर येऊन पोलिसांच्या स्वाधीन झाले.

हा चित्रपट एकट्याने मोबाइलवर पाहू नका. चाळीत, कॉलेजात, वाचनालयात पडदा लावा, रमाबाई नगराचे नावही न ऐकलेल्या तरुणांना बोलवा आणि संपल्यावर तासभर बोलत बसा.