पाथरी : उसातले तण, ताटातली भाजी



गेल्या हिवाळ्यात पिंपळनेर शिवारात पूर्वहंगामी उसाची पाहणी करीत होतो. सरीत निंदणी चालू होती. निघालेले तण बांधावर पडत होते, पण एक आजीबाई त्यातली काही रोपे निवडून ओटीत टाकीत होत्या. विचारले तर म्हणाल्या, "हाई ते आमनी भाजी शे, भाऊ." ती पाथरी होती. कोवळी पाने कांदा, तिखट-मीठ घालून भाकरीबरोबर कच्चीच खातात, कोणी पीठ पेरून भाजी करतात.

पाथरी सूर्यफुलाच्या कुळातली. पाने दातेरी, मोडली की पांढरा चीक, फूल पिवळे. बी केसांच्या झुपक्यावर वाऱ्याने उडते. या नावाने दोन-तीन वनस्पती ओळखतात. पोकळ दांड्याची, उभी वाढणारी एका हंगामात संपते. ती बी धरण्याआधी उपटावी. जमिनीलगत पसरणारी मुळापासून पुन्हा फुटते. तिला खुरपे खोल घालावे.

ऊस पहिले तीन-चार महिने हळू वाढतो. त्या काळात तणाने खत-पाणी खाल्ले की फुटवे कमी येतात. म्हणून बरेच सभासद टू-फोर-डी फवारतात. ऊस गवताच्या कुळातला, तो तग धरतो. रुंद पानाची पाथरी मरते. इथवर ठीक. पण शेजारी कपाशी असेल तर वाऱ्याने गेलेला थोडासा फवाराही तिची पाने भेंडीच्या पानासारखी चिरून वेडीवाकडी करतो. पंप नीट न धुता कपाशीवर वापरला तरी तेच होते. मग बांधावरून भांडणे लागतात.

दुसरी गोष्ट त्याहून मोठी. फवारलेली पाथरी लगेच सुकत नाही. पहिल्या दिवशी ती हिरवीगारच दिसते. निंदणाऱ्या बायांना कोणी सांगितले नाही, तर तीच भाजी संध्याकाळी चुलीवर चढते, उरलेली गोठ्यात जाते.

तेव्हा एवढे कराच. वारा पडलेला असताना, डब्यावरील सूचनेप्रमाणेच फवारा. तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा. फवारणीच्या आधी मजुरांना व शेजाऱ्यांना सांगा, आणि त्या शेतातली भाजी वा चारा कोणालाही नेऊ देऊ नका. घराजवळच्या सऱ्या जमल्यास हातानेच निंदा. तण जाईल आणि आजीबाईंची ओटीही भरेल.

— ऊस विकास अधिकारी