नवरदेव मांडवात, वऱ्हाड घरी

समजा, परतवाड्याच्या एका पोराने गाविलगडावर गेम केला. १८०३ च्या डिसेंबरात इंग्रज सेनापती वेलस्लीच्या फौजा किल्ल्यावर चढल्या, तो प्रसंग. खेळणारा किल्ल्याच्या आत, फौज बाहेर. गोडो नावाचं फुकटचं इंजिन घेऊन त्याने एकट्याने, रात्री जागून सगळं जमवलं. मग गेमची एक्झी पेनड्राइव्हवर टाकली, एसटीने अमरावती गाठली आणि कॉलेजच्या लॅबमध्ये सरांसमोर डबल क्लिक केलं. गेमऐवजी एक चौकट आली: प्रकल्पाची माहिती सापडत नाही, पीसीके फाइल हरवली आहे का?

‘माह्या लॅपटॉपवर तं चालते न, सर!’

चालणारच. नवरदेव एकटाच मांडवात आला आणि वऱ्हाड घरीच राहिलं, अशातली ही गत.

आता त्या एक्झीकडे जरा नीट बघा. ऐंशी-नव्वद एमबीची ती फाइल, पण तिच्यात गाविलगडाचा एक दगडही नाही. तोफ नाही, दरवाजा नाही, पोराने लिहिलेली कोडची ओळ नाही. हुआन लिनिएत्स्की आणि आरिएल मांसुर या अर्जेंटिनातल्या दोघांनी गोडो घडवलं आणि २०१४ साली त्याचा सोर्स कोड जगाला खुला केला. त्या इंजिनची तयार एक्झी गेम ‘एक्सपोर्ट’ करताना नुसती कॉपी होते. फार तर आयकॉन आणि नाव बदलतं. त्याच आवृत्तीवर जपानातल्या कुणी मासेमारीचा गेम केला असेल, तर त्याची एक्झी आणि परतवाड्याची एक्झी जवळजवळ बाइट न् बाइट सारखी! दोघींना फक्त चित्र कसं रंगवायचं, आवाज कसा काढायचा, बटण दाबलेलं कसं ओळखायचं, एवढंच येतं. कोणता गेम, हे त्यांना ठाऊकच नसतं.

खरा गेम शेजारच्या पीसीके फाइलमध्ये असतो. ती बिचारी दोन-चार एमबीची, आयकॉनसुद्धा धड नाही, म्हणून पोरं तिला घरी सोडून येतात. फाइलचे सुटे बाइट दाखवणाऱ्या हेक्स व्ह्यूअरमध्ये उघडली तर पहिल्याच चार बाइटांत जी, डी, पी, सी ही अक्षरं दिसतात. शिवाय आतल्या फायलींची यादी: नाव काय, कितव्या बाइटपासून सुरू, लांबी किती. आणि सगळा माल सलग. एक्झी सुरू झाली की आपल्याच नावाची पीसीके शेजारी शोधते. ‘गाविलगड’ नावाच्या एक्झीचं कौतुकाने ‘गाविलगड फायनल’ केलं आणि पीसीकेचं नाव तसंच ठेवलं, तरी चुकामूक. दोन्ही फायली एकाच फोल्डरात असून भेट नाही!

जुन्या इंजिनांत हा गोतावळा आणखी मोठा. जपानी आरपीजी मेकर २००० घ्या. त्यातल्या गेममध्ये एक एक्झी, पात्रांची आणि शस्त्रांची माहिती असलेली एलडीबी, नकाशांचा वंशवृक्ष सांगणारी एलएमटी आणि प्रत्येक नकाशाची वेगळी एलएमयू फाइल. एवढं सगळं आणलं तरी गेम अडू शकतो, कारण गवत, झाडं, तलवारीचा खणखणाट हे नेहमीचं सामान आरटीपी नावाच्या सामायिक गठ्ठ्यात असायचं. खेळणाऱ्याने तो एकदा आपल्या मशीनवर बसवायचा आणि मग शंभर गेम त्याच गवतावर चालवायचे. टेलिफोनच्या तारेवरून इंटरनेट ठिबकत होतं त्या काळात ही मोठी काटकसर होती. आज तीच अंगावर येते. करणाऱ्याच्या मशीनवर आरटीपी आधीपासून असतो, म्हणून आपण काय उसनं घेतलंय हे त्याला कळतच नाही.

या जुन्या गेमांची दुसरी खोड मला फार मजेची वाटते. त्यांतल्या चित्रांच्या फायलींची नावं कितीदा जपानीत असतात. ती झिप अकोल्यात उघडली की नावांचा चिवडा होतो आणि गेमला स्वतःचीच चित्रं ओळखू येत नाहीत. कारण जुने प्रोग्रॅम युनिकोड जाणत नाहीत. विंडोजने जी अक्षरसूची नेमून दिली असेल तेवढीच त्यांची दुनिया. जपानीला अशी सूची होती. मराठीसाठी भारताने १९९१ साली इस्की हे मानक ठरवलं होतं, पण विंडोजने या जुन्या प्रोग्रॅमांसाठी देवनागरीला त्या जागी कधी बसवलंच नाही. तेव्हा गेमचं फोल्डर ‘अमरावती’ नावाच्या फोल्डरात ठेवलंत, तर तशा प्रोग्रॅमला तिथे नुसती प्रश्नचिन्हांची रांग दिसते. मूळ गेममध्ये काही बिघाड नसतो.

लहान-मोठ्या अक्षरांचा घोळ थोडक्यात सांगतो. इंग्रजीत ठेवलेल्या फाइलच्या नावातलं पहिलं अक्षर मोठं आणि कोडमध्ये लहान, हे विंडोज चालवून घेतं. अँड्रॉइड घेत नाही. लॅपटॉपवर दिसणारी तोफ मोबाइलवर गायब होते ती बहुधा यामुळेच.

मग सगळं एकाच फाइलमध्ये कोंबता येत नाही का? येतं, आणि ते कसं येतं हे कळल्यावर मी खुर्चीत ताठ बसलो होतो. लव्ह नावाचं एक छोटं इंजिन आहे, लुआ भाषेत गेम लिहिण्यासाठी. त्याचा गेम म्हणजे साधी झिप फाइल, नाव तेवढं बदललेलं. आत मेन डॉट लुआ ही फाइल अगदी वरच्या पातळीवर हवी. ती आणखी एका फोल्डरात ठेवली की गेम सुरू होत नाही, आणि नवखे हमखास तशीच ठेवतात. आता इंजिनची एक्झी घ्यायची आणि तिच्या शेपटाला ही झिप चिकटवायची. चिकटवायची म्हणजे खरोखर एका फाइलचे बाइट संपले की दुसरीचे सुरू. विंडोजची जुनी कॉपी कमांड हे एका ओळीत करते.

अशी जोडफाइल बिघडायला हवी. बिघडत नाही. विंडोज एक्झी वाचतं ते डोक्याकडून. पहिली दोन अक्षरं एम आणि झेड, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या मार्क झ्बिकोव्स्कीची आद्याक्षरं. स्वतःला हवं तेवढं विंडोज घेतं, मागे काय लटकतंय याची चौकशी करत नाही. झिपचं उलटं. तिची अनुक्रमणिका सर्वांत शेवटी असते, म्हणून ती वाचायची शेपटाकडून. तिथेही दोन आद्याक्षरं आहेत, पी आणि के: झिप १९८९ मध्ये आणणारा फिल कॅट्झ. एकच फाइल पुढून वाचली तर प्रोग्रॅम, मागून वाचली तर गठ्ठा, आणि दोन्ही वाचणाऱ्यांना दुसऱ्याची खबर नाही! चालू झालेली एक्झी मग स्वतःलाच उघडते आणि स्वतःच्या शेपटातून गेम बाहेर काढते. तरी इंजिनसोबतच्या डीएलएल फायली लागतातच. त्या त्याच फोल्डरात राहू द्या.

गोडोतही पीसीके एक्झीच्या पोटात घालायची सोय आहे. पण मला विचाराल तर गेम वेगळा आणि चालवणारा वेगळा, हेच बरं. फ्लॅशचा प्लेअर ३१ डिसेंबर २०२० ला अडोबीने बंद केला. सायबर कॅफेत खेळलेल्या त्या गेमांच्या एसडब्ल्यूएफ फायली ज्यांनी जपल्या, त्यांना आज रफल नावाच्या नव्या प्रोग्रॅममध्ये त्यांतले बरेच खेळता येतात. ईझीआरपीजी नावाचा प्लेअर आरपीजी मेकर २००० च्या एलडीबी-एलएमयू थेट वाचतो आणि तो गेम अँड्रॉइड मोबाइलवर चालवतो. मूळ एक्झी तो चालवतच नाही. ज्या फाइलला सगळे गेम समजत होते, नेमकी तीच लागली नाही.

परतवाड्याच्या पोराला मात्र अजून एक घाट चढायचा आहे. त्याचा गेम मराठीत आहे.

‘चिखलदरा’ हा शब्द कॉम्प्युटरमध्ये उच्चाराच्या क्रमाने साठवला जातो: आधी च, मग ऱ्हस्व वेलांटी, मग ख. पडद्यावर मात्र वेलांटी च च्या आधी यायला हवी. गोडोच्या तिसऱ्या आवृत्तीला हे येत नव्हतं. ती आलेल्या क्रमाने अक्षरं मांडायची आणि गेममधल्या पाटीवर ‘चखिलदरा’ उमटायचं. ‘वऱ्हाड’ची तर दैना. टिंब असलेला ऱ, त्याच्या पायाशी हलन्ताचा तिरका फटका, मग सुटा ह. मार्च २०२३ मध्ये गोडो ४ आलं तेव्हा त्यात हार्फबझ होतं, क्रोम आणि अँड्रॉइड मराठी जुळवण्यासाठी वापरतात तीच लायब्ररी. तेव्हापासून चिखलदरा जागेवर आहे. आरपीजी मेकर एमव्हीची गोष्ट तर अजब. तो आतून ब्राउझरच, म्हणजे मराठी येणारा. पण संवादाच्या चौकटीत तो एकेक चिन्ह सुटं काढतो, त्यामुळे वेलांटी एकटी पडते आणि तिच्याशेजारी ठिपक्यांचं वर्तुळ उमटतं.

जुळवणी आली तरी अक्षरं कुठून आणायची? पोराच्या विंडोजमध्ये निर्मला यूआय हा फॉन्ट असतो, म्हणून घरी सगळं छान दिसतं. दुसऱ्याच्या मशीनवर देवनागरी फॉन्ट नसला तर गाविलगडाच्या जागी चौकोन. निर्मला उचलून गेममध्ये टाकावा, तर तो मायक्रोसॉफ्टचा, तसा वाटता येत नाही. त्यापेक्षा मुंबईच्या एक टाइपने केलेला मुक्त घ्या. ओपन फॉन्ट लायसन्सखाली तो कुठल्याही गेमसोबत देता येतो, अगदी विकतच्या गेमसोबतसुद्धा. अट एवढीच की परवान्याचा मजकूर प्रत्येक प्रतीबरोबर गेला पाहिजे. सोपा मार्ग म्हणजे ओएफएल डॉट टीएक्सटी ही छोटी फाइल एक्झीच्या आणि पीसीकेच्या शेजारी ठेवून द्यायची. गेम ती कधीच उघडणार नाही, ती नसली तरी बिनबोभाट चालेल. पेनड्राइव्हवर ती तरीही घ्यायची.