मृत नटाचा चेहरा

पडद्यावरील वेग आणि रस्त्यावरील वेग यांतील अंतर अमेरिकन नट पॉल वॉकर याच्या मृत्यूने जगापुढे उघडे केले. ३० नोव्हेंबर २०१३ रोजी कॅलिफोर्नियातील सांता क्लॅरिटा येथे, ताशी ४५ मैलांची मर्यादा असलेल्या रस्त्यावर, मित्र चालवीत असलेली पोर्श मोटार खांबावर व झाडांवर आदळून पेटली. दोघेही ठार झाले. मोटारीचा वेग ताशी ८० ते ९३ मैल होता, असा तपासाचा निष्कर्ष निघाला. त्या वेळी वॉकरच्या ‘फ्युरिअस ७’ या चित्रपटाचे चित्रण अर्धवट होते.

न्यूझीलंडमधील वेटा डिजिटल या संस्थेने ते पूर्ण करून दिले. वॉकरचे दोघे भाऊ, केलेब व कोडी, कॅमेऱ्यापुढे उभे राहिले. त्यांच्या आणि आणखी एका नटाच्या देहावर मृताचा चेहरा संगणकाने चढविला. जुन्या चित्रणातून त्याचे हावभाव वेचले गेले. त्वचेत झिरपून परतणारा प्रकाश, डोळ्यांतील ओल, गालाची पुसटशी हालचाल, सारे साधावे लागले. त्या भावांच्या मनाची स्थिती काय झाली असेल, याची कल्पनाच केलेली बरी!

२०१५ साली चित्रपट झळकला. अखेरीस दोन मोटारी काही काळ शेजारून धावतात, रस्ता दुभंगतो आणि वॉकरची पांढरी मोटार वेगळी वाट धरते. हा निरोप हृद्य आहे, हे आम्ही नाकारीत नाही. परंतु रंध्रारंध्राचा हिशेब ठेवणारे हे वास्तवदर्शन मोटारीपाशी येताच आंधळे होते. याच चित्रपटात अबूधाबीच्या एका गगनचुंबी इमारतीतून दुसरीत मोटार झेपावते आणि नायक धडधाकट बाहेर पडतो! चेहऱ्याला जो न्याय मिळाला, तो लोखंडाला व हाडामांसाला मिळाला नाही.

वॉकरच्या कुटुंबीयांचा या उपक्रमाला पाठिंबा होता. सर्वच मृतांच्या बाबतीत तसे घडेल, अशी खात्री कोण देणार? वारसांच्या संमतीवाचून मृत कलावंताची अशी प्रतिकृती वापरण्यास कॅलिफोर्नियाने २०२४ साली कायद्याने प्रतिबंध केला, हे योग्यच झाले. तथापि वारसाची संमती म्हणजे मृताची संमती नव्हे. भूमिका नाकारण्याचा हक्क नटाला जिवंतपणीच लेखी बजावून ठेवता यावा, अशी तरतूद करारनाम्यांत हवी; आणि आमच्या चित्रसृष्टीतील कलावंतांच्या संघटनांनीही ती विनाविलंब मागावी.