गप्पी मासा : ओळख व परीक्षा

द्रव्याची परीक्षा केल्यावाचून ते औषधात योजू नये, हा आपला नित्याचा दंडक आहे. डासांच्या बंदोबस्तासाठी पाण्यात सोडावयाच्या माशाची परीक्षा मात्र आपण क्वचितच करतो. काही वर्षांपूर्वी मी आमच्या औषधी वनस्पतींच्या बागेतील कमळाच्या टाक्यात ‘गप्पी’ म्हणून मिळालेले मासे सोडले. अळ्या नाहीशा झाल्या. परंतु पुढील पावसाळ्यात बेडकांची पिल्लेही दिसेनाशी झाली. मासे काचेच्या बरणीत घेऊन पाहिले, तेव्हा ते गप्पी नसून गंबुसिया असल्याचे कळले. चूक माझीच होती.

गप्पी (पोसिलिया रेटिक्युलाटा) हा त्रिनिदाद, व्हेनेझुएला, गयाना या उष्ण प्रदेशांतील गोड्या पाण्याचा मासा. जर्मन शास्त्रज्ञ पीटर्स यांनी 1859 मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन केले. त्रिनिदादहून नमुने पाठविणाऱ्या गप्पी नामक गृहस्थांवरून त्याचे प्रचलित नाव पडले. गंबुसियाचे मूळ स्थान अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांचा दक्षिण भाग व मेक्सिको हे असून भारतात तो 1928 मध्ये आणला गेला. जगातील शंभर अतिउपद्रवी परकीय जातींच्या यादीत त्याचा समावेश आहे. अन्य माशांची अंडी व पिल्ले तसेच बेडकांची पिल्ले तो खातो.

दोन्ही मासे पिल्लांना जन्म देतात, दोघांचेही तोंड वर वळलेले असते आणि दोन्ही नरांचा पोटाखालील मागचा पर काडीसारखा असतो. म्हणून केवळ या लक्षणांवरून किंवा आकारावरून निर्णय करू नये. भेददर्शक लक्षणे पुढीलप्रमाणे :

1. गप्पीचा नर सुमारे तीन सेंटिमीटर लांब असून त्याच्या अंगावर नारिंगी, निळे, काळे असे अनियमित ठिपके असतात. गंबुसियाचा नर सामान्यतः करडाच असतो.

2. गप्पीची मादी नराहून मोठी व फिकट करडी असते. खवल्यांच्या कडांमुळे तिच्या अंगावर जाळीसारखी नक्षी दिसते. शास्त्रीय नावातील ‘रेटिक्युलाटा’ म्हणजे जाळीदार.

3. गंबुसियाच्या शेपटीवर व पाठीवरील परावर बारीक काळ्या ठिपक्यांच्या ओळी असतात. गप्पीच्या मादीत त्या नसतात.

डोक्याच्या माथ्यावर चमकदार पांढरा ठिपका दिसल्यास तो बहुधा आपल्याकडील ॲप्लोकायलस होय. तो अंडी घालतो, डासांच्या अळ्याही खातो. त्याला हुसकावून परका मासा सोडू नये.

वैद्यबंधू व औषधालयचालकांनी हेही ध्यानात घ्यावे, की गप्पी हादेखील परकीयच आहे. बंदिस्त टाकी, हौद यांतच तो ठेवावा. ओढा, नदी, तलाव यांत सोडू नये. पावसाळ्यात टाके ओसंडत असल्यास वाटेवर बारीक जाळी बसवावी. डेंग्यू पसरविणारा एडिस डास कूलर, कुंडीखालील ताटली, जुने टायर अशा साठ्यांत वाढतो. अळीपासून डास होण्यास साधारणतः आठवडाभर लागतो. म्हणून तेथे मासा नव्हे, तर आठवड्यातून एकदा भांडे रिकामे करून, घासून कोरडे ठेवणे हाच उपाय.

निदानपरिवर्जन ही चिकित्सेची पहिली पायरी. ती चढताना नवे निदान निर्माण होऊ नये, एवढ्यासाठी मासा सोडण्यापूर्वी तो एकदा बरणीत धरून पाहावा.