कॅमेरा गप्प बसतो तेव्हा

बचत गटात शूटिंगवाले आले की पहिलं काय सांगतात? साड्या चांगल्या नेसा, पापड लाटताना हसा, आणि 'गटामुळे आमचं आयुष्य बदललं' एवढं एका दमात म्हणा. आपण म्हणतोही. आज मात्र अगदी उलट रीतीने केलेल्या एका चित्रपटाविषयी बोलू.

अमेरिकेत न्यूयॉर्क शहराचं क्वीन्स नावाचं उपनगर आहे. तिथल्या जॅक्सन हाइट्स वस्तीत कोलंबिया, मेक्सिको, बांगलादेश, भारत अशा कितीतरी देशांतली माणसं राहतात. फ्रेडरिक वाइजमन यांनी २०१४ साली तिथे चित्रण केलं आणि २०१५ मध्ये 'इन जॅक्सन हाइट्स' आला.

यात निवेदक नाही, मुलाखत नाही. 'ताई, पुन्हा एकदा करा' हे तर नाहीच. एकाकडे कॅमेरा, आणि माईक खुद्द वाइजमन यांच्या हातात. दिसतं काय? कपडे धुण्याचं दुकान, टॅक्सीचालकांचा वर्ग, विणकाम करत गप्पा मारणाऱ्या बायका. आणि बैठका, नुसत्या बैठका! बैठकीत बघण्यासारखं काय, असं वाटेल. पण छोट्या दुकानदारांचं बोलणं ऐका. सुधारणेच्या नावाखाली भाडी वाढतील, बड्या कंपन्यांची दुकानं येतील आणि आपल्याला गाळा सोडावा लागेल, ही धास्ती. एक बाई घरच्यांनी सीमा ओलांडताना काय भोगलं ते सांगते. तिचं बोलणं दोन वाक्यांत आटोपलेलं नाही, म्हणून आपणही तिच्या शेजारी बसून ऐकतो.

खरं काम शूटिंगनंतरचं. शंभराहून जास्त तासांच्या चित्रणातून तीन तास दहा मिनिटं उरली. काय ठेवायचं, काय टाकायचं हे वाइजमन यांनीच ठरवलं. म्हणजे कॅमेरा गप्प असला तरी मत असतंच. ते कात्रीत असतं. त्यामुळे 'जसं घडलं तसं दाखवलं' असं कुणी म्हटलं, तर आम्ही लगेच मान डोलावत नाही.

उद्या आपल्या बैठकीत असा कॅमेरा आला तर? एखादी बाई हप्ता का थकला ते रडत सांगेल. नवऱ्याचं नाव निघेल, दारूचं निघेल. ते गावातल्या पडद्यावर दिसलं तर तिला घरी जायचंय, शूटिंगवाल्यांना नाही. म्हणून आधी विचारायचं: हे कुठे दाखवणार? तयार झाल्यावर आधी आम्हाला दाखवणार का? आणि 'एवढं काढा' म्हणायचा हक्क तिला राहील का? मिळालेली उत्तरं तारखेसह गटाच्या इतिवृत्तात लिहायची, खाली त्यांची सही घ्यायची, मगच कॅमेरा सुरू.